तित्तराची हाक

बाबा, तुम्हाला वाचता येत नव्हतं, त्यामुळं हे लिहायला जरा धीर होतोय. काल सकाळी मी तित्तराला त्याच्याच आवाजात हाक मारली आणि त्यानं ओ दिली. तुम्ही गेलात तेव्हा आपल्या पारधी वस्तीतला तो आवाजही संपला, आणि ते पाप माझ्या माथी, असंच मी इतकी वर्षं धरून चालले होते.

माळावर तित्तरांसाठी फासे मांडून तुम्ही बाभळीआड त्यांच्यासारखी हाक देत बसायचात आणि मला लांब बसवायचात. एकदा कंटाळून मी झुडपामागून तित्तरासारखी ओरडले, तर तुम्ही फासा घेऊन दबकत दबकत माझ्याच दिशेनं येताय! मी दिसले तसा कपाळावर हात मारलात. "आगं भवाने, बापालाच फसिवलंस व्हय?" मग पोट धरून हसलात. त्या दिवशी शिकार मिळाली नाही, पण आईला तुम्ही हे तिखटमीठ लावून सांगितलंत.

पुढं मला कळंबला शाळेच्या वसतिगृहात घातलंत. पारध्याची पोर आली म्हणून मुली पेट्यांना कुलपं लावायच्या. एका दुपारी तुम्ही भेटायला आलात. शिपाई आत सोडेना, तेव्हा फाटकाबाहेरून तित्तराची हाक दिलीत. अख्खा वर्ग हसला. मी वहीत मान घालून बसले. तीनदा हाक मारून, बोरांची पुरचुंडी शिपायाकडं ठेवून तुम्ही गेलात. सुट्टीत घरी आल्यावर मी म्हणाले, "मला ऐकूच आलं न्हाय." "वारा उलटा आसंल, बाय," तुम्ही म्हणालात. त्यानंतर मी तो आवाज कधी काढला नाही.

आता त्याच वसतिगृहाची मी अधीक्षक आहे. परवा आपल्या वस्तीतल्या एका मुलीनं विचारलं, "बाई, शिकार तर बंद झाली, मग आपल्याला येतंय काय?" म्हणून काल तिच्यासकट चौघी मुलींना घेऊन माळावर गेले. पहिल्यांदा घशातून नुसती खरखर निघाली. पोरी खिदळल्या. दुसऱ्यांदा मात्र समोरच्या बांधावरून उत्तर आलं, आणि मी मटकन खाली बसून रडले. फासे नाहीत, काही नाही, नुसता आवाज. संध्याकाळपर्यंत चौघींना तो जमला. स्वयंपाकघरातल्या मावशी वैतागल्यात. मला मात्र कित्येक वर्षांत इतकं हलकं वाटलं नव्हतं.

हा कागद घडी घालून माझ्याच पेटीत ठेवतेय. एक सांगायचं राहिलं. त्या दुपारी वारा फाटकाकडून वर्गाकडंच होता. वाऱ्याच्या बाबतीत तुमचं कधी चुकलं नाही, तरी निमित्त तुम्हीच हातात दिलंत. मला ऐकू आलं होतं, बाबा. तिन्ही हाका.