सहाव्या फुटावर पासष्ट अंश

आगर, डहाणू
रविवार, १६ जून २०१९

प्रिय जमने,

पाकीट बघून घाबरू नकोस, घरी सगळे धडधाकट आहेत. फोनच केला असता, पण तुमच्या पाड्यावर आंब्यावर चढल्याशिवाय रेंज मिळत नाही, आणि मला जे सांगायचंय ते तुला फांदीवर बसवून सांगण्यासारखं नाही. शिवाय फोनवर तू दुसऱ्या वाक्याला ‘जाऊ दे ना वर्षा’ म्हणतेस आणि अंगणवाडीतल्या पोरांच्या गोष्टी काढतेस. पत्राला तसं मधेच तोडता येत नाही. टपालाने वेळेत पोचणार नाही, म्हणून उद्या सकाळच्या तलासरी बसच्या कंडक्टरच्या हाती देतेय. सोबत घडी घातलेला एक कागद आहे. तो आत्ता उघडू नकोस, पत्र संपलं की उघड. तू ऐकणार नाहीस हे माहीत आहे, तरी सांगून ठेवते.

मुख्य बातमी आधी देते, कारण ती पोटात ठेवून मला तीन महिने झालेत. तू बरोबर होतीस! सहाव्या फुटावर पासष्ट अंशच होते. छप्पन नव्हते, पन्नास नव्हते, पासष्ट. मी विद्यापीठात चाळीस माणसांसमोर फळ्यावर ते सिद्ध करून आले आहे, आणि आता ते कुणाचा बापही खोडू शकत नाही.

बाबांनी कालच होडीच्या नांगराची साखळी धुऊन, जळकं ऑइल चोपडून त्याच दोन माडांना लोंबत लावली. होड्या वर ओढल्या की दरवर्षीचंच काम ते. पाच वर्षांपूर्वी, २०१४च्या जुलैत, आपण बारावीत असताना तू हॉस्टेलमधून रविवारची परवानगी काढून आमच्याकडे आली होतीस ती त्या साखळीसाठीच. मोहन सरांनी गणिताच्या प्रकल्पाला विषय दिला होता, ‘रोजच्या जगण्यातला पॅराबोला’. लोंबती साखळी म्हणजे पॅराबोला असं सरांनी फळ्यावर लिहून दिलं होतं. बावीस वर्षं ते तेच शिकवत होते, त्यांच्या सरांनी त्यांना शिकवलं म्हणून. आपण फक्त मोजून आणायचं होतं.

तू कशी मोजत होतीस ते मला आजही दिसतं. दोन माडांत बारा फूट, साखळी सतरा फूट. वर आडवी दोरी ताणून तू तिला फुटाफुटावर गाठी मारल्यास, प्रत्येक गाठीतून बाबांच्या जाळ्याची शिशाची गोळी दोऱ्याने खाली सोडलीस, आणि दोरा साखळीला जिथे लागेल तिथे कोनमापक धरून साखळी किती अंशांनी वर चढते ते वाचलंस. अगदी खालच्या कडीपासून एक फूट, दोन फूट, असं सहापर्यंत. आय माडाखाली बोंबील निवडत बसली होती. ती म्हणाली, “अगो, साखळीला ताप आलाय का, एवढी तपासताय ती?” तू हसलीस, पण हात हलू दिला नाहीस. तुझ्या वडिलांकडून आलंय ते तुला. भिकाकाकांना आसपासच्या पाड्यांवरून खाचरांचे बांध घालायला बोलवायचे. बोटभर चूक झाली तर पाणी एका कोपऱ्यात जातं आणि भाताची अर्धी आवणी वाळते, हे तू मला सांगितलं होतंस. मोजलेलं बदलायचं नसतं हे तुमच्या घरी कुणी शिकवत नाही, ते रोजच दिसत असतं.

चौदा, साडेसत्तावीस, साडेएकोणचाळीस, साडेएकोणपन्नास, अठ्ठावन्न, पासष्ट. हे तुझे सहा आकडे. शेवटचा तू तीन वेळा मोजलास, कारण मी सारखी म्हणत होते की कुठेतरी चुकतंय. सरांच्या सूत्राने मी आदल्या दिवशीच उत्तरं काढून ठेवली होती. त्यात चौथ्या फुटावर पंचेचाळीस यायला हवे होते आणि सहाव्यावर छप्पन. मी तुला ते दाखवलं. तू ऑइलने काळ्या झालेल्या बोटांनी नाक खाजवलंस आणि म्हणालीस, “साखळीला काय पुस्तक वाचता येतं?” दिवसभर तुझ्या नाकावर तो काळा डाग होता, आणि आमच्यापैकी कुणी तुला सांगितलं नाही.

पुढचं तुला माहीत आहे. मला वीसपैकी वीस, तुला वीसपैकी चार. एकच साखळी, एकच दिवस, एकच कोनमापक. सरांनी तुझी वही वर्गात वर धरली आणि म्हणाले, “छप्पनचे पासष्ट केलेत बाईंनी. आकडे उलटे लिहिण्याचं वय आहे का हे?” सगळे हसले. त्यानंतर तू बारावी काठावर पास झालीस, बी.एस्सी.चा फॉर्मसुद्धा आणला नाहीस, आणि तलासरीला परत गेलीस. मी विचारलं की म्हणायचीस, आकडे आपल्याला वश नाहीत. जमने, तुझ्याइतके आकडे वश असलेली बाई मी विद्यापीठातही पाहिली नाही.

आता ऐक. मार्च महिन्यात मला सेमिनारसाठी विषय निवडायचा होता. पुस्तक चाळताना एक फंक्शन सापडलं, गुडरमान नावाच्या जर्मन माणसाच्या नावाचं. तुला सोप्या भाषेत सांगते, पोरांना सांगतेस तसं. साइन-कोसाइन आपल्याला शाळेपासून ठाऊक, ते वर्तुळाच्या घराण्यातले. त्यांचं एक दुसरं घराणं आहे, हायपरबोलाचं. तिथेही साइन आणि कोसाइन आहेत, नाव तेच पण स्वभाव वेगळा. साखळी स्वतःच्या वजनाने लोंबते ती या दुसऱ्या घराण्याच्या वळणाने. पुलाच्या दोराला सपाट रस्ता टांगला तर मात्र पॅराबोला होतो, म्हणजे सर अगदीच हवेत बोलत नव्हते, त्यांनी फक्त पुलाचं वळण साखळीला लावलं. तर या दोन घराण्यांची सोयरीक जुळवायची तर एरवी मधे काल्पनिक संख्या घालावी लागते, मध्यस्थासारखी. हे फंक्शन मध्यस्थाशिवाय जुळवतं. त्याला विचारायचं की साखळीच्या खालच्या कडीपासून इतकं पुढे गेले, तर तिथे साखळी किती अंशांनी चढत असेल? आणि ते सांगतं, साध्या वर्तुळाच्या अंशांत, तुझ्या कोनमापकावर वाचता येईल असं.

मला उदाहरण हवं होतं, म्हणून मी आपलीच साखळी घेतली. सतरा फूट साखळी, बारा फूट अंतर, यावरून तिचं स्वतःचं एक माप निघतं, ते चार फूट आलं. मग एकेक फूट त्या चाराने भागून फंक्शनमध्ये घालत गेले. १४.२. २७.५. ३९.४. चौथा ४९.६ आला तेव्हा मी पेन खाली ठेवलं, कारण हे आकडे मी आधी पाहिले होते. पाचवा ५८.०. सहावा काढायच्या आधी मी उठून पाणी प्यायले. ६४.८! जमने, पंधरा रुपयांच्या प्लास्टिकच्या कोनमापकाने, भर वाऱ्यात, तू अर्ध्या अंशाचीही चूक केली नव्हतीस.

होळीला घरी आले आणि माझी जुनी पेटी उपसली. तू वहीतून फाडून वर्गाच्या कचऱ्याच्या डब्यात टाकलेलं ते पान मी उचलून आणलं होतं, हे तुला कधीच सांगितलं नाही. पासष्टच्या शेजारी तुझ्या अंगठ्याचा काळा ठसा अजून आहे, वर लाल शाईची काट आणि ‘आकडे उलटे!’ असा शेरा. सेमिनारला मी फळ्यावर दोन माड काढले, मधे साखळी, एका बाजूला फंक्शनचे आकडे आणि दुसऱ्या बाजूला तुझे. वर नाव लिहिलं, निरीक्षण : जमना भिका घाटाळ, तलासरी. आमच्या मॅडम चष्मा काढून फळ्याजवळ आल्या आणि विचारू लागल्या की हे घाटाळ कोणत्या संस्थेत काम करतात. मी म्हटलं, अंगणवाडीत मदतनीस आहे, माझी मैत्रीण आहे, आणि हे मोजलं तेव्हा ती सतरा वर्षांची होती. त्यांनी टाळ्या वाजवल्या, मग सगळ्यांनीच. मी तिथे उभी राहून टाळ्या ऐकत होते आणि रडत होते. माझ्यासाठी नव्हत्या ना त्या, म्हणून इतक्या गोड लागल्या.

परीक्षा संपल्यावर, गेल्या बुधवारी, ते पान घेऊन मी मोहन सरांच्या घरी गेले. खरं सांगू, भांडायच्या तयारीने गेले होते. सरांनी सगळं ऐकून घेतलं आणि उठून ओटीवरच्या झोपाळ्याची साखळी काढायला लागले. काकू आतून ओरडल्या, “अहो, मी बसू कुठे?” सरांनी ऐकलं नाही. दोन खांबांना साखळी अडकवली, कोनमापक घेतलं, आणि साठीला आलेला तो माणूस गुडघ्यावर बसून दोन तास मोजत राहिला. मी दोरा धरला होता. शेवटचा आकडा लिहून झाल्यावर ते तिथेच फरशीवर बसले आणि म्हणाले, “सत्तावीस वर्षांत एकदाही मोजलं नाही गं मी.” दुसऱ्या दिवशी त्यांनी कॉलेजात नव्या बारावीच्या पोरांना हे सगळं सांगितलं, तुझ्या नावासकट, स्वतःच्या चुकीसकट. कोनमापकं आणायला लावलीत सगळ्यांना. पुढच्या रविवारी त्यांना तुमच्याकडे यायचंय. तुझी हरकत असेल तर येणार नाहीत, असं मुद्दाम सांगायला लावलंय.

आता मी ज्याकडे येत नव्हते तिकडे येते. हे पत्र खरं त्यासाठीच आहे. सरांनी तुझी वही खोटी ठरवली ती सूत्रावरून नाही, माझ्या वहीवरून. माझ्याकडेही चौथ्या फुटावर साडेएकोणपन्नास होते, सहाव्यावर पासष्ट होते. तू हॉस्टेलला गेल्यावर मी ते खोडरबराने पुसले आणि पंचेचाळीस, छप्पन लिहिले, मला वीस हवे होते म्हणून. सरांनी वर्गात मला उभं करून विचारलं, वर्षा, तुझा आकडा किती? मी म्हटलं, छप्पन. तू एकदाच माझ्याकडे पाहिलंस. मग कॉलेज सुटल्यावर पाऊस लागला, तर तू छत्री उघडून नेहमीसारखी अर्धी माझ्यावर धरलीस, आणि आजपर्यंत त्याबद्दल एक अक्षर काढलं नाहीस. मी ते विसरलेले नाही. हे सगळं मी बुधवारी सरांनाही सांगितलं. त्यांनी लाल पेन मागितलं. आता तो कागद उघड, ते तुझंच फाडलेलं पान आहे. तुझ्या चारावर काट आहे, पुढे वीस लिहिलेत, खाली सही आणि तारीख आहे. त्याखाली माझंही नाव आहे बघ, आणि विसावर काट मारून शून्य. इतका आनंद मला आजवर कुठल्याच मार्कांनी दिला नव्हता. बी.एस्सी.चे फॉर्म गुरुवारपर्यंत घेताहेत. तुझा भरून ठेवलाय, फक्त तुझी सही हवी, आणि चार वर्षांच्या गॅपसाठी प्रतिज्ञापत्र, ते तहसील कचेरीजवळ होतं. मंगळवारी पहिल्या बसने मी तलासरी नाक्यावर उतरते. बारावीचं मार्कलिस्ट, शाळा सोडल्याचा दाखला आणि जातीचा दाखला घेऊन ये. यायचं नसेल तरी ये, माझ्या तोंडावर चार शब्द सुनाव आणि परत जा, मी ऐकून घेईन. पण आकडे आपल्याला वश नाहीत, असं मात्र आता म्हणू नकोस. त्या कागदावर सही झालेली आहे.

वीसपैकी शून्य मिळवून खूश असलेली,
तुझीच
वर्षा