बाबांच्या हातांचा शॉट

किन्हीराजा,
१७ नोव्हेंबर २०२४

प्रिय रत्नाताई,
सप्रेम जयभीम.

बाबांच्या उजव्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट झालं. दिवसातून चार वेळा थेंब टाकावे लागतात, म्हणून मुंबईची कामं बाजूला ठेवून मी पंधरा दिवस इथे आहे. बाबा ओट्यावर बसून येणाऱ्याजाणाऱ्याला नावं ठेवतात. आईची कंबर दुखते. सोयाबीन घरात आलं. हे तू विचारलेलं नाहीस. खरं लिहायचं ते मी लांबवतोय, एवढंच.

माझं काम नेमकं काय, हे तुला कुणी सांगितलं नसेल. माणसं तासन्‌तास बोलतात, ते मी अर्ध्या तासात बसवतो. मधलं वाक्य काढलं की चित्र तिथे उडी मारतं. ती दिसू नये म्हणून त्या जागी दुसरं काहीतरी दाखवायचं. एखादं झाड, चूल, नाहीतर बोलणाऱ्याचे हात. बावीस वर्षं मी हेच करतोय आणि या कामात मला नावं ठेवायला जागा नाही.

सहा वर्षांपूर्वी आमच्या स्टुडिओतल्या दिग्दर्शिका योगिनी मॅडमनी टीव्हीसाठी माहितीपट केला होता, ज्यांच्या घरात पहिल्यांदाच कुणी कॉलेजात गेलं अशा आईबापांवर. त्यात बाबांची मुलाखत होती, आणि एडिटिंग माझं होतं. तो लागायचा त्या संध्याकाळी बाबांनी सगळ्यांना विहारात बोलावलं आणि निरोपावर निरोप धाडून तुला शेलूबाजारहून आणवलं. टीव्हीवर बाबा म्हणाले, "पोटाले चिमटा घेतला, पण पोराले शिकवलं." लोकांनी टाळ्या वाजवल्या. तू उठलीस आणि मिळेल त्या जीपने परत गेलीस. त्यानंतर या घराची पायरी चढली नाहीस. तुझं चुकलं असं मला एकदाही वाटलं नाही, आणि ते मी कधी बोललोही नाही.

त्या वाक्यानंतर बाबांचे हात दिसतात. तो शॉट मी टाकलाय. त्याखाली जे झाकलं ते असं होतं: "त्यापायी पोरीले आठवीतून काढलं. थे याच्याहून हुशार होती. रत्ना, माह्यं चुकलं."

तोंडावर बोलायची त्यांची हिंमत नव्हती. म्हणून चारचौघांत ऐकवायला तुला बोलावलं होतं.

तेवढ्या जागी रेकॉर्डिंगचा आवाज फाटलाय असं मी मॅडमना सांगितलं. त्यांनी विश्वास ठेवला. बाबांना सांगितलं, चॅनलवाल्यांनी कापलं. सहा वर्षं ते चॅनलला शिव्या देताहेत. खरं कारण हे की मला लाज वाटली. स्टुडिओत मी स्वतःच्या बळावर वर आलेला म्हणून ओळखला जातो, आणि ऐकून ऐकून मलाही ते पटायला लागलं होतं.

परवा पट्टी निघाली तसे बाबा म्हणाले, तो कार्यक्रम लाव, आता नीट पाहतो, कुठं कापलं ते. मी बसल्या जागी सगळं सांगून टाकलं. वाटलं, काठी उगारतील. त्यांनी एवढंच विचारलं, "तिले सांगतलं का?"

"नाही."

"मंग मले काहून सांगून राह्यला?"

म्हणून हे पत्र. फोनवर मी यातलं निम्मं गाळलं असतं. सोबत पेन ड्राइव्ह आहे. मुलाखत पूर्ण, बेचाळीस मिनिटं, एकही कट नाही. ती पाहायची की चुलीत घालायची ते तू ठरव. बाबा म्हणतात, आता तोंडानंच सांगतो, तुह्या मशिनीचा भरोसा नाही. पण त्यासाठी तू इथे यायला हवीस. तू सांगशील तर येशील त्या दिवशी मी गावात थांबणार नाही. माफी मागत नाही. ती मागायला आधी बाबांचा नंबर आहे.

तुझ्या वाट्याचं शिकलेला,
धम्मरत्न