सात थरांचा बर्फ

२ मे १९४४
मोठे साहेब पंधरवड्यात आमच्या करोडगिरीच्या जकात नाक्यावर तपासणीला येणार. दारोग्याची जागा रिकामी आहे. माझ्याइतका लायक कारकून दुसरा नाही, हे मला ठाऊक आहे. साहेबांना कळायचं तेवढं बाकी आहे. सोलापूरच्या हॉटेलात पाहिलेला थरांचा बर्फ त्यांना खिलवायचा. किसलेला बर्फ, आंबा, बर्फ, अननस, बर्फ, पपई, बर्फ. सात थर! बायको गिरिजा म्हणाली, आधी बर्फ आणा. बायकांना दूरदृष्टी नसते.

६ मे
कोळशावरच्या मोटारीनं सोलापूरहून थोडा बर्फ आणवला. ईरण्णा सुताराच्या रंध्यावर किसला. कडुलिंबासारखा कडू लागला. ईरण्णा म्हणाला, रंधा कडू लाकडावरच चालत हुता, धुवायचा न्हाय व्हय? उर्मट माणूस. अननस कुठंच नाही. पाच थर पुरेत. सात म्हणजे नुसता दिखावा.

१० मे
साखर कंट्रोलची. गुळाचा पाक केला, तर पपईला चिखलाचा रंग. गिरिजाला म्हणालो, चाखून बघ. म्हणाली, तुम्हीच बघा. भयंकर संताप आला. पपई रद्द. तीन थर. साधेपणातच खानदानीपणा असतो.

१३ मे, सकाळी
साहेब उद्या. शिस्त दिसली पाहिजे. खाजाभाई शिपायाला सक्त ताकीद दिली: उद्या मी तपासल्याशिवाय नाक्यावरून एक पोतं सुटता कामा नये, माझ्या बापाचं असलं तरी.

१४ मे
सकाळपासून घरी आंबे पिळत बसलो. सोलापूरहून मागवलेल्या बर्फाचा पत्ता नाही. दुपारी नाक्याकडं पळालो. माझं बर्फाचं पोतं भर उन्हात, खालून ओहोळ, शेजारी खाजाभाई काठी घेऊन उभा. म्हणाला, साब, तुमच्याच नावाचं होतं, पन तुमीच बोल्ले ना, बापाचं असलं तरी सोडायचं नै. तेवढ्यात साहेबांची मोटार. साहेबांनी विचारलं, पोत्यात काय आहे? खाजाभाईनं ते उलटं केलं. ओला भुसा. साहेब पोट धरून हसले. मग गरम आमरस दिला. त्यांनी एक घोट घेतला. साहेब खूश आहेत. नाहीतर एवढं हसले असते?

२ जून
हुकूम आला. पलीकडच्या नाक्यावरचा नागप्पा दारोगा झाला. त्यानं साहेबांना नुसतं मातीच्या डेऱ्यातलं ताक पाजलं होतं म्हणे. माझी बदली परंड्याकडं, आडरस्त्याला. फार लागलं मनाला. गिरिजानं ताकाचा पेला पुढं केला.
गार होतं.