उशाशी टांगलेलं जाळं

पनवेल, २२ नोव्हेंबर

फार दिवस लिहिलं नाही, चुकलंच. लिहिण्यासारखं काही घडत नव्हतं. स्वप्नंसुद्धा पडत नव्हती.

करंज्याहून मासळी विकायला येणाऱ्या हिराबाईंनी ते टीचभर जाळं दिलं, तेव्हापासून. त्यांच्याकडे नवरा वारला की बायको उशाशी असं जाळं टांगते. वाईट स्वप्नं त्यात अडकतात. सकाळी उठून कुणाशीही बोलायच्या आत ते खिडकीबाहेर झटकायचं. कुणाशी न बोलणं मला सोपंच.

सुधीरच्या शेवटच्या, हॉस्पिटलमधल्या रात्रीचं स्वप्न खरंच थांबलं. पण स्वप्नात तो हसत चहा मागायचा, तेही थांबलं. का?

आज बाजारात हिराबाईंना विचारलं. कोलंबी सोलता सोलता म्हणाल्या, "येवढी शिकलेली तू, बाय! जाल्याला काय कलतंय? दोनी सपनांत मानूस तोच ना?"

म्हणजे रोज सकाळी मी त्यालाच बाहेर झटकत होते? असलं काही मी मानते तरी का? मानत नसेन, तर संध्याकाळपासून त्या जाळ्याकडे बघवत का नाही?

उद्या: जाळं उतरवून कपाटात ठेवणे. न झटकता.