तिसरी ओळ

शुक्रवार, ४ जुलै

बाहेर आखातातले पंचेचाळीस डिग्री, आणि संजूने एसी बंद केला! म्हणे आवाज रेकॉर्ड होतो. चाचणीच्या नावाखाली फ्रिजही चार तास बंद. दूध नासलं. माझी नवी चादर भिंतीला टाचण्यांनी ठोकली, कारण मागे साधा रंग लागतो. व्हिएन्नाहून आठ दिवसांसाठी आलीय लेक – मला भेटायला की चादरीला?

उद्या तिची ऑडिशन. माझ्या लेकाच्या, यशोधनच्या, ह्याच घरातून व्हिडिओ करून पाठवायची.

शनिवार, ५ जुलै

बारा वर्षं जर्मन सिरियलींत काम करतेय पोरगी. सात वेळा नर्स, तीनदा झाडूवाली, एकदा मुडदा! पुण्यात जर्मनमध्ये पहिली आलेली ही, आणि तिकडचे दिग्दर्शक सांगतात, जरा मोडकंतोडकं बोला. ऐकूनच माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते. ती हसते. हसण्यासारखं काय आहे त्यात?

ह्या वेळी मुख्य भूमिका आहे. वकील असते, बाप गेल्यावर घरी येते, आईसमोर उभी राहते. आईची वाक्यं कॅमेऱ्यामागून कोणीतरी वाचायची. कोणीतरी म्हणजे मी! तीन जर्मन ओळी देवनागरीत लिहून दिल्या. अर्थ विचारला तर म्हणाली, "आई, अर्थ कळला तर तू अ‍ॅक्टिंग करशील. नुसतं वाच."

चौदा वेळा वाचलं. पहिल्या दोन ओळी लगेच पास. तिसरीला दर वेळी, "आई, परत एकदा." एवढा का वाईट आहे माझा उच्चार? ब्लाउज घामाने चिंब. शेवटी ती रडली. रडते मात्र छान, अगदी खरं वाटतं.

रविवार, ६ जुलै

व्हिडिओ पाठवला. एसी चालू. देव पावला.

मंगळवार, ८ जुलै

संजू गेली. निघताना वाकून नमस्कार केला, पण जवळ आली नाही. सहा वर्षं हे असंच. आमचे हे गेले तेव्हा मी तिला दोन दिवसांनी कळवलं, सगळं उरकल्यावर. तिचं शूटिंग चालू होतं. पहिल्यांदाच तिच्या पात्राला नाव मिळालं होतं. ते सोडून आली असती तर? कोणाच्या भल्यासाठी केलं मी? आणि मलाच चूक म्हणणारे कोण हे लागून गेले!

गुरुवार, १० जुलै

तो कागद अजून फ्रिजवरच आहे. कणीक मळताना तिसरी ओळ आपोआप तोंडात आली, पाठच झालीय. ओवीने, यशोधनच्या लेकीने, भाषांतराचं अ‍ॅप लावून मोबाइल पुढे धरला. मोबाइल मराठीत बोलला: "तुला न कळवता मी त्याच्यावर अंत्यसंस्कार केले. चूक माझी होती. मला माफ कर."

त्याच्यावर! आमच्या ह्यांना अरेतुरे!

संजूची छापील स्क्रिप्ट टेबलावरच राहिली होती. मुटर म्हणजे आई, एवढं मलाही माहीत आहे. ओवीने बोट ठेवून मोजलं आणि म्हणाली, "आजी, द मदर हॅज ओन्ली टू लाइन्स. थर्ड वन इज नॉट हिअर."

म्हणजे तिसरी संजूनेच लिहिली. फसवलं मला! पोटच्या पोरीने! चौदा वेळा माफी वदवून घेतली, आणि मला पत्ता नाही. सरळ समोर बसून सांगायचं होतं की, आई, माफी माग!

सांगितलं असतं तर मागितली असती का मी? भांडले असते.

शनिवार, १२ जुलै

आमटी खारट झाली. यशोधन गुपचूप जेवला. कागद फाडायला काढला होता. परत लावला.

बुधवार, १६ जुलै

ती भूमिका दुसरीलाच मिळाली. मेसेज यशोधनला आला, मला नाही. हिला पुन्हा नर्स! डोकंच फिरलं माझं. भांडायलाच फोन लावला. तिने उचलला, आणि मी तिसरी ओळ म्हटली. मराठीत.

मग म्हणाली, "आई, परत एकदा."

म्हटली.