फरशीखालची बोली

२ जून
अखेर खोली मिळाली. करंजाडेत, तळमजल्यावर, दातांच्या दवाखान्याजवळच. उद्यापासून मी तिथली रिसेप्शनिस्ट. घरमालकीण सखूबाई प्रेमळ वाटल्या. आल्या आल्या तांदळाची भाकरी आणि सुकटीची चटणी दिली. आडनाव विचारलं. पवार म्हटलं. पवार आम्हा कातकऱ्यांतही असतात, हे मी सांगितलं नाही. मग दार लावून, पंखा जोरात करून आईशी फोनवर आमच्या बोलीत पोटभर बोलले.

६ जून
शेजारच्या मनस्वीच्या बाळाचा चांदीचा वाळा हरवला. सखूबाई म्हणाल्या, "मागच्या वाडीतल्या कातकरणींचं काम हाय. बिल्डिंग बांधताना ही जागा पन सोडत नवत्या. त्यांची मानसं पुरलेली हायत म्हनं हितं."
मी मान डोलावली. हसलेसुद्धा.

७ जून
दवाखाना दुपारी बंद असतो. घरी ताट धूत होते, तर मोरीजवळच्या फरशीखालून एका म्हातारीचा आवाज. आमच्या बोलीत विचारत होती, कोणाची गं तू? शेजारचा टीव्ही असेल. पण टीव्हीवर आमची बोली कधी ऐकलीय मी?

११ जून
रोज दुपारी. आता पुष्कळ जण विचारतात. आज मी मराठीत म्हटलं, मला कळत नाही. मग खाली कुणीतरी हसलं. मी सखूबाईंसमोर हसले होते, अगदी तसं.

१३ जून
फरशी गरम लागते, अंगासारखी. मनस्वीने खिडकीतून विचारलं, कोणत्या भाषेत बोलतेस, कोणाशी? म्हणजे मी उत्तर देत होते? आठवत नाही —

१४ जून
सखूबाई आल्या, बिल्डिंगमधली माणसं घेऊन. माझी बॅग उपसली. वाळा मिळाला नाही. तरी विचारलं, "कातकरीण हाय ना तू?" मी नाही म्हणाले. फरशीला तडा गेला. सगळ्यांनी पाहिला. ते बाहेर पळाले आणि बाहेरून कडी घातली. मी आत —

फरशी वर उचलली जातेय. बोटं. मातीने भरलेली, किती तरी. कोणाची गं तू, कोणाची —

सांगितलं. आमच्या बोलीत. आजीचं नाव, वाडीचं, माझं. वेणू. कातकरीण.
ते मला शिवले नाहीत. बाजूने गेले. दाराकडे —

बाहेर मनस्वीचं बाळ रडतंय. मी ओरडतेय, पळा. तोंडातून आमचीच बोली येते, मराठी येतच नाही. बाहेरचे म्हणतात, शिव्या देते. लिहिता येतंय अजून. हे पान दाराखालून सरकवते —

सखूबाई, बाळाला घेऊन लांब जा, ते दारापाशी आले, कडी अजिबात काढू