आईच्या पदरातला स्फटिक

१५/४/७३, रवि.
आई आली मंगळवेढ्याहून, दुपारच्या एसटीनं. दादा सोडायला आला अन् पाणी न पिताच परत गेला. आईच्या घशातली गाठ आता बाहेरून दिसते. पदरात बांधून माझ्यासाठी एक स्फटिक आणलाय. दुष्काळी कामावर खडी फोडताना निघाला. लिंबाएवढा, आरपार, आत निळी रेघ. "घे, शाळंत पोरींना दाखव." एवढ्या उन्हातून आला तरी गार.

१८/४
दिवसभर मोठ्या दवाखान्यात. डॉ.नी आईला बाहेर बसवलं अन् माझ्याशी इंग्रजीत बोलले. उपाय नाही. पावसाळा बघतील असं वाटत नाही.
आई : "काय म्हनला?"
म्हटलं, गोळ्या दिल्यात.
"खोटं बोलताना तुजं नाक फुगतंय, शांते."

२१/४
स्फटिकाचं काहीतरी विचित्र. दुधाच्या पातेल्याशेजारी राहिला होता. असल्या उकाड्यात दूध दुसऱ्या दिवशीही ताजं. म्हणून आज मुद्दाम दोन वाट्या ठेवल्या. खिडकीतली नासली, स्फटिकाला टेकवलेली नासली नाही. गजराचं घड्याळ जवळ नेलं तर बंद. लांब केलं की पुन्हा टिकटिक.
त्याच्याजवळ वेळ थांबते. लिहितानाही हसू येतंय. कुणाला सांगायचं नाही. हसतील, नाहीतर मागायला येतील.

२२/४, रवि.
आईला मात्र सगळं सांगितलं. तिला नवल वाटलंच नाही. "येळ थांबतीय व्हय? मंग घाल की." कापडाच्या पिशवीत शिवून तिच्या गळ्यात घातला, बरोबर गाठीवर.

१३/५, रवि.
काल दवाखान्यात. गाठ तेवढीच! डॉ. मानेवर बोट फिरवत राहिले, आश्चर्य म्हणाले. पावसाळा काय, दिवाळीही बघेल. बघाच तुम्ही.

२०/५
दादा आला. बरोबर कामावरचा मुकादम. आईनंच गावच्या कुणा बाईला सांगितलेलं, बातमी पोचली. मुकादम न विचारता खुर्चीत बसला. "खडी आमच्या मालकांच्या रानातली. तवा दगड बी त्यांचाच. त्यांचे वडील लई आजारी हायेत."
म्हटलं, फोडायला माझी आई अन् सापडला की मालकांचा?
दादा खाली बघून : "देऊन टाक शांते. मला तितं राहायचंय."
मुकादम दादाला : "नवरा सोडून आलेल्या बाईला काय कळनार, लेका?"
म्हटलं, नवरा सोडताना तुम्हाला विचारलं नव्हतं, आत्ताही विचारत नाही. उठा.
उठला. जाताना दाराला लाथ. कडी मीच लावली.

३/६, रवि.
आई जेवत नाही. भूकच लागत नाही म्हणते. नखं काढायला बसले तर वाढलेलीच नाहीत. अन् दुखणं जिथल्या तिथं. वाढत नाही, उतरतही नाही. रोज तेवढंच. हे मला आज कळतंय. ती बोलली नाही. मी कुठं विचारलं?

१०/६
भांडण. सकाळी आईनं पिशवी गळ्यातून काढली. मी परत घातली. तिनं परत काढली. मी ओरडले, आजारी माणसावर.
ती ओरडली नाही. "तुज्यापायी गप बसले. काल बी हेच, आज बी हेच. भूक न्हाय, झोप न्हाय. मेले न्हाय म्हंजे जगले व्हय? मला उद्या पायजे, शांते."
म्हटलं, उद्या म्हणजे काय, माहीत आहे का तुला?
"न्हाय तर! म्हाईत हाय की. नवरा सोडलास, मुकादमाला हाकललंस. तवा मी मदी आले का? मंग आता तू बी येऊ नगंस."
पिशवी परत घातली नाही.

११/६
स्फटिक ट्रंकेत, कुलूप लावून. आईनं हिरव्या मिरचीचा ठेचा मागितला. घशाखाली उतरेना, डोळ्यांतून पाणी. तरी "लई झ्याक!" अर्धी भाकरी खाल्ली. मी नुसती बघत बसले.

८/७, रवि.
गाठ वाढतेय. आवाज बसला. डॉ.ना वाटतं मी औषधात हयगय केली. ऐकून घेतलं, काय सांगणार?
दादाचा निरोप : मालकांचे वडील गेले. दिला असता तर? तर तेही आईसारखेच अडकून पडले असते, भूक नाही, झोप नाही. असं मी स्वतःला सांगते. पण हवं की नको हे त्यांनाच विचारायला हवं होतं, नुसतं मुकादमाला हाकलायचं नव्हतं.
कितीदा कुलपापर्यंत गेले आज. आई झोपलीय, नकळत उशाखाली सरकवला तर... नाही. तिला कळेल. अन् कळलं नाही तरी नाही.

२/९, रवि.
पाऊस बरा झालाय यंदा. आई आहे! डॉ.च्या समोर उभी करून आणली. ते हसले, मग चष्मा पुसत बसले. वाळलीय पार, कुजबुजत बोलते. ज्वारीच्या पेरणीला गावी जायचं म्हणते. बांधावर बसून बघणार म्हणे. दादाचं पत्र : आणू नकोस, वाटेत काही झालं तर? उलट टपाली कळवलं : येतोय.

९/९, रवि., स्टँडवर
निघताना आईनं विचारलं, "त्यो दगड घेतलास?" म्हटलं, घेतलाय, माझ्या पिशवीत आहे. "मला घालायचा न्हाय हां. तुला ठेव, न्हायतर हिरीत टाक." काय करायचं ते अजून ठरत नाही. टाकवत नाही अन् बाळगवतही नाही.
केळी घ्यायला खाली उतरले तर गाडीत गोंधळ. आईशेजारी कुणी पागोटेवाला बसलाय. आई त्याला हातानं खुणावतेय, ऊठ, ही जागा माझ्या लेकीची. त्याला आवाज पोचत नाही, की ऐकायचं नाही, कोण जाणे. तो हलत नाही. आईनं आता त्याचा सदराच धरलाय. कंडक्टर शिट्टी मारतोय. जाते